अध्यक्षांचा वाढीव फूट

आमच्या बोरिवलीच्या सांस्कृतिक मंडळाचे अध्यक्ष इस्टेट एजंट आहेत. उभा जन्म त्यांनी चौरस फुटांवर काढला. कुणाकडे सत्यनारायणाला आले तरी प्रसाद हातात पडायच्या आधी त्यांची नजर भिंतींवरून फिरते आणि हॉल एकशे चाळीसचा आहे हे ते यजमानांना सांगतात, विचारत नाहीत. पांढरी पँट, पांढरे बूट आणि कानात खोचलेलं ते ब्लूटूथ. समोरच्याशी बोलता बोलता ते मध्येच तिसऱ्याच कुणाशी तरी बोलायला लागतात आणि आपण मूर्खासारखे मान डोलावत राहतो. तरीसुद्धा, या माणसाला जागा म्हणजे काय हे कळत असणार, एवढा मान मी त्यांना देत होते. तो त्यांनी एका दिवाळीत एकेक फूट करून घालवला.

मी अंधेरीच्या एका ज्युनियर कॉलेजात गणित शिकवते. मंडळात मला काही रस नव्हता, आजही नाही. माझा संबंध ताईमुळे. ताई माझी थोरली बहीण, माझ्या बिल्डिंगपासून दोन बिल्डिंगा सोडून राहते. भावोजी गेले, मुलगा नोकरीसाठी बंगळुरूला गेला आणि तिच्या घरात दिवसभर फक्त फ्रीजचा आवाज उरला. त्या काळात मंडळाच्या रांगोळी गटाने तिला ओढून नेलं. तिचा हात मुळातच चांगला. चिमटीतून रेघ सोडते ती एकसारखी, शिवणयंत्रावर घातल्यासारखी. बघता बघता गट तिच्या शब्दावर चालायला लागला. दहा-बारा बायका होत्या, बहुतेक निवृत्त, दोघीतिघी अजून ऑफिसला जाणाऱ्या. अध्यक्ष तिला वहिनी म्हणायचे, कारण भावोजींना ते ओळखत होते, निदान तसं म्हणायचे. ताईला या माणसाबद्दल काय वाटतं हे मी कधी विचारलं नाही. पण तिथे गेली की ती हसून परत यायची, एवढं मला पुरेसं होतं. म्हणून मी गप्प बसत असे.

त्या वर्षी अध्यक्षांनी ठरवलं की दिवाळीच्या आधी शाळेच्या हॉलमध्ये एक भव्य वर्तुळाकार रांगोळी काढायची. भव्य हा शब्द त्यांचा आवडता. आमच्या भागातून निवडणुकीला उभं राहू इच्छिणारे एक साहेब उद्घाटनाला येणार होते, आणि अध्यक्षांना त्या साहेबांच्या शेजारी उभं राहून काढलेला फोटो हवा होता. बाकी रांगोळी-बिंगोळीत त्यांना काही गम्य नाही. ठिपक्यांची आणि मुक्तहस्त रांगोळी यांतला फरक त्यांना आजही सांगता येणार नाही.

ताईने नीट विचार करून पंधरा फूट त्रिज्या सुचवली. मध्यापासून कडेपर्यंत पंधरा, म्हणजे आरपार तीस फूट. तिने घरी ओट्यासमोरच्या फरशीवर एक चौकोन भरून पाहिला, किती रंग लागतो ते तोललं, आणि रात्री जेवताना मला हिशेब करायला लावला. तेवढ्या वर्तुळाला वीस किलोच्या पंधरा गोण्या रंग लागणार होता. हॉल चाळीस फूट रुंद, म्हणजे बघायला येणाऱ्यांना चालायला दोन्ही बाजूंना पाच-पाच फूट जागा. सगळं जमत होतं. अध्यक्षांनी गोण्यांचा आकडा ऐकला आणि ते खूश झाले. पंधरा फूट, पंधरा गोण्या. एका फुटाला एक गोणी. हा योगायोग त्यांच्या डोक्यात शिरला आणि तिथेच घर करून बसला.

मग बातमी आली की कांदिवलीचं एक मंडळसुद्धा पंधरा फुटांचीच काढतंय.

अध्यक्षांनी लगेच मीटिंग बोलावली. मंडळाचं ऑफिस म्हणजे एका बिल्डिंगच्या तळमजल्यावरची गाळेवजा खोली, जिथे प्लास्टिकच्या खुर्च्या आणि जुन्या गणपतींचे फोटो. ताईचे गुडघे दुखत होते म्हणून मी तिला स्कूटरवरून सोडायला गेले होते आणि निघता निघता चहाला अडकले. अध्यक्ष म्हणाले, आपण सतरा करू. दोन फूट वाढवायचे, दोन गोण्या वाढवायच्या, विषय संपला. सगळ्यांनी माना हलवल्या. खजिनदार म्हणवणारे गृहस्थ तर आधीच हलवत होते.

मी बोलायला नको होतं असं नाही. बोलणं भाग होतं. मी सांगितलं की वर्तुळाचं तसं नसतं. बाहेरून एक फुटाची पट्टी जोडली तर ती पट्टी सगळीकडून गोल फिरते. कात्रीने कापून ती सरळ करून ठेवली तर एक फूट रुंद आणि वर्तुळाच्या घेराएवढी, जवळजवळ शंभर फूट लांब होईल. म्हणजे शंभर चौरस फूट, एक अख्खी बेडरूम. दोन फुटांना दोन बेडरूम. दोन गोण्या नाही, चार गोण्यांच्या वर रंग लागेल.

बेडरूम शब्दावर ते थांबतील असं मला वाटलं होतं. हे त्यांच्याच भाषेत बोलणं होतं. ते हसले. म्हणाले, "मॅडम, हे तुमच्या क्लासमध्ये ठीक आहे. इथे प्रॅक्टिकल काम आहे. एक फूट म्हणजे केवढा?" आणि त्यांनी तळहात पसरून हवेत एक फूट दाखवला, तोही खरं तर आठच इंचांचा होता.

सगळे हसले. ताई हसली नाही, पण काही बोललीही नाही. सतरा गोण्यांची ऑर्डर गेली.

परत येताना मी स्कूटरवर बडबडत होते. पंधराचे सतरा, म्हणजे त्रिज्येत फरक थोडा. पण जागा वाढते ती दोन्हीकडून, आडवी आणि उभी, म्हणून त्या फरकाच्या जवळपास दुप्पट. हे मी वर्षानुवर्षं फळ्यावर लिहिते. पाय आर स्क्वेअर, त्याचं डेरिव्हेटिव्ह टू पाय आर. पोरं घोकतात, मार्क घेतात आणि एकालाही विचारावंसं वाटत नाही की क्षेत्रफळातून अचानक परीघ कसा काय निघाला. त्यांचे आईबाप फी भरतात आणि मार्कांचे पेढे वाटतात. अशाच पोरांतून पुढे अध्यक्ष होतात असं मी म्हणाले. मागून ताई म्हणाली, सिग्नल लाल आहे.

काम सुरू झालं तेव्हा कॉलेजला दिवाळीची सुट्टी लागली होती. शाळाही बंद, हॉल रिकामा. दुपारी मी ताईचा डबा घेऊन जायचे आणि बसून राहायचे. मध्यावर खिळा ठोकता येत नव्हता म्हणून एक बाई पायाने दोरी दाबून उभी राहायची आणि दुसरी खडूने गोल मारायची. मग मध्यापासून भरायला सुरुवात. भरलेल्या भागावर पाय ठेवता येत नाही, म्हणून आतून बाहेर, मागे मागे सरकत काम करायचं. रंग चहाच्या गाळणीतून पाडायचा, कडा चिमटीने. मध्ये कमळ, त्याभोवती वेली, मग मोर, मग बाहेर गडद जांभळ्या पट्ट्यावर सोनेरी नक्षी. जांभळा रंग ताईने मुद्दाम मिसळून घेतला होता, बाजारात मिळतो तो भडक असतो.

आणि मध्यापासून सुरुवात झाल्यामुळे अध्यक्षांचा मोठा गैरसमज व्हायची सोय आपोआप झाली.

कारण आतला गोल छोटा असतो. अगदी मधल्या एका फुटाला दीड किलो रंगही लागला नाही. पाच फुटांपर्यंत काम आलं तेव्हा दुसरी गोणी पूर्ण संपलेली नव्हती. संध्याकाळी अध्यक्ष आले, गोण्या मोजल्या, आणि त्यांचा चेहरा एखादा फ्लॅट दुप्पट भावात विकल्यासारखा फुलला. पाच फूट झाले, पाच गोण्या जायला हव्या होत्या, दोनसुद्धा गेल्या नाहीत. त्यांनी मला हाक मारून रिकामी गोणी दाखवली. "मॅडम, चार गोण्या जास्त लागणार होत्या ना? इथे तर उरताहेत."

मी म्हटलं, आत्ता फक्त आतला भाग झालाय. बाहेरच्या फुटाला आतल्या फुटाच्या कितीतरी पट जागा असते. त्यांनी कानातल्या यंत्राला हॅलो म्हटलं आणि ते दुसरीकडे वळले. कुणीतरी खरोखर फोन केला होता की नाही, मला शंका आहे.

दहा फुटांपर्यंत काम आलं तेव्हा सात गोण्यासुद्धा पूर्ण लागल्या नव्हत्या. आता अध्यक्षांच्या हिशेबाने तीन गोण्या सरळसरळ वाचल्या होत्या. त्यांनी मोबाइलवर कॅल्क्युलेटर उघडला, खजिनदारांना दाखवला, दोघांनी एकमेकांच्या पाठीवर थापा मारल्या. आणि तिथेच, चटईवर बसून भजी खात, त्यांनी जाहीर केलं की वर्तुळ अठरा फुटांचं होणार. रंग वाचलाच आहे, तर वाया कशाला घालवायचा. बॅनरही तसाच छापायला टाकतो, म्हणाले.

मला त्या क्षणी राग आला नाही. रागाला समोर काहीतरी लागतं. मला त्या माणसाकडे बघून एक प्रकारची थंड किळस वाटली. न कळणं मी समजू शकते, माझ्या वर्गात ते रोज असतं. पण न कळण्याचा इतका आनंद घेणारा माणूस मी जवळून पहिल्यांदाच पाहत होते. त्याच्या हिशेबाने मी खोटी ठरले होते आणि त्याला ते सगळ्यांसमोर भज्यांच्या चटणीसारखं चाटून खायचं होतं.

"अठरा केलं तर चालायला दोन्हीकडे दोनच फूट उरतात," ताई एवढंच म्हणाली. "साहेबांबरोबर माणसं असतील."

लोक एकामागून एक जातील, असं अध्यक्ष म्हणाले. जणू ते साहेब आणि त्यांची माणसं आयुष्यात कधी एकामागून एक कुठे गेली होती.

मध्यावर आता उभं राहता येत नव्हतं, म्हणून सतराच्या रेघेपासून बाहेर फूटभर मोजून खुणा केल्या गेल्या. खडूचा नवा गोल भिंतींच्या अगदी जवळ पोचला. ताईने आतलं काम थांबवून बाहेरची नक्षी पुन्हा आखली, कारण सोनेरी वेलाला आता जास्त फेरा होता, आणि पानं मोजून बसवावी लागतात, नाहीतर शेवटचं पान अर्धं राहतं. तिचा उजवा गुडघा सुजला होता. रात्री मी शेक द्यायला गेले तेव्हा ती म्हणाली की मधल्या कमळाभोवती ती एकटी बसली होती, मोरांभोवती पाचजणी बसल्या, आणि बाहेरच्या पट्ट्याला बाराही कमी पडताहेत. एक फूट पुढे सरकायला आधी अर्धा तास लागायचा, आता दुपार जाते. मी म्हटलं, हेच तर मी सांगत होते. ती म्हणाली, तू सांगत होतीस ते मला कळलं होतं.

"मग बोलली का नाहीस?"

ती म्हणाली, "तू बोलतेस आणि घरी जातेस. मला परत तिथेच जायचं असतं."

गरम पाण्याची पिशवी मी दुसऱ्या गुडघ्यावर ठेवली.

उद्घाटनाच्या आदल्या दिवशी, दुपारी, सोळा फुटांवर रंग संपला. म्हणजे अगदी संपला. सतरावी गोणी उलटी करून झटकली तेव्हा तिच्यातून आलेली शेवटची मूठ एका सोनेरी पानाला लागली. बाहेर दोन फुटांचा पट्टा उघडाच, शाळेची पिवळट फरशी आणि त्यावर खडूची नक्षी. अध्यक्षांच्या हिशेबाने त्या पट्ट्याला दोन गोण्या पुरल्या असत्या, आणि त्याही हाताशी नव्हत्या. खरं तर साडेचार लागल्या असत्या.

व्यापाऱ्याला फोन झाला. दिवाळी तोंडावर, त्याच्याकडे एक गोणी नव्हती. स्टेशनजवळच्या दुकानांतून छोट्या पुड्या आणल्या, त्यांतला जांभळा कुठे गुलाबी तर कुठे काळा. ताईने एक पुडी कागदावर ओतून पाहिली आणि बाजूला सारली.

अध्यक्ष आले. त्यांनी पहिल्यांदा विचारलं की गोण्या कुणी घरी नेल्या का. दहा-बारा बायका, सकाळपासून वाकून बसलेल्या, हात कोपरापर्यंत जांभळे, आणि हा माणूस त्यांना विचारतोय की रंग चोरला का. मग ते म्हणाले, पातळ भुरभुरवा. आतून थोडा थोडा खरवडून बाहेर पसरवा. लांबून कुणाला कळतंय?

ताईने करूनही पाहिलं. कडेचा थोडा रंग गाळणीत घेऊन तिने बाहेरच्या पट्ट्यात हातभर जागेवर पाडला. फरशी खालून दिसत होती, विरळ केसांतून टाळू दिसावी तशी. मग तिने मला विचारलं, सगळ्यांच्या देखत, की आहे त्या रंगात वर्तुळ कुठपर्यंत जातं. मी म्हटलं, आहे तिथपर्यंतच, सोळा फूट. नीट भरायचं तर एक बोटभरही पुढे नाही.

तिने बादली मागवली, ओलं फडकं घेतलं, आणि भिंतीला हात टेकून खाली बसली. बसायला तिला फार वेळ लागला. बसून तिने अठरा फुटांची खडूची रेघ पुसायला सुरुवात केली.

अध्यक्ष म्हणाले, "वहिनी, हे काय? बॅनर लागलाय. साहेब येणार आहेत."

ताईने मान वर केली नाही. "साहेबांना टेप घेऊन यायला सांगा."

बाकीच्या बायकांनी एकमेकींकडे पाहिलं आणि त्याही फडकी घेऊन बसल्या. हॉलभर ओल्या खडूचा वास सुटला. मीही बसले, साडी खोचून. अध्यक्ष त्या सगळ्या वाकलेल्या पाठींच्या मध्ये थोडा वेळ उभे होते. त्यांना आवाज चढवायचा होता हे दिसत होतं, पण दारात शाळेचे शिपाई आणि डेकोरेटरची माणसं उभी होती, आणि उद्या त्यांना याच बायका नऊवारीत फोटोला हव्या होत्या. ते बाहेर गेले. जाताना खजिनदारांना म्हणाले की कोण मोजतंय. ते मला ऐकू आलं.

मग ताईने सोळा फुटांच्या कडेला पांढरी रेघ सोडली, पूर्ण फेरा, मागे सरकत. गोण्यांत रंग संपला होता पण पांढरी रांगोळी घरून आणलेली होती. ती रेघ पुरी झाली तेव्हा ते वर्तुळ अपुरं आहे असं कुणी म्हणू शकलं नसतं. सोनेरी वेलाचा बाहेरचा फेरा गेला होता, आतला राहिला होता. तोच मला जास्त आवडला. चालायला दोन्ही बाजूंना चार-चार फूट जागा सुटली.

दुसऱ्या दिवशी सकाळी साहेब आले. ते आणि त्यांची वीस-पंचवीस माणसं एकदमच आत शिरली, रुंद ओळीने, आणि चार फूट जागासुद्धा त्यांना जेमतेम पुरली. एकाच्या चपलेने पांढऱ्या रेघेचा एक तुकडा गेला. अठरा फुटांचं वर्तुळ असतं तर सोनेरी वेलाचा बाहेरचा फेरा पायांखाली गेला असता. अध्यक्ष पुढे, शाल हातात, चेहऱ्यावर तेल लावल्यासारखं हसू. त्यांनी माइकवर सांगितलं की आपल्या भगिनींनी अठरा फूट त्रिज्येची भव्य रांगोळी साकारली आहे. ताई माझ्या शेजारी उभी होती. तिने माझं मनगट धरलं, म्हणजे मी काही बोलू नये म्हणून.

बोलायची गरज पडली नाही. साहेबांनी माइक घेतला. त्यांच्या हातात चिठ्ठी होती, ती अध्यक्षांनीच लिहून दिलेली. तिच्यात त्रिज्या हा शब्द होता आणि साहेबांना तो शाळेनंतर बहुधा पहिल्यांदाच भेटत होता. त्यांनी तो गाळला. ते म्हणाले की आपल्या माता-भगिनींनी ही जी अठरा फुटांची रांगोळी काढली आहे, तिला तोड नाही. आणि पुढे, जोरात, दोन्ही हात पसरून, या टोकापासून त्या टोकापर्यंत अठरा फूट.

मी अध्यक्षांकडे पाहिलं. त्यांना कळलं. या एका गोष्टीत त्यांचं गणित ताबडतोब चाललं, कारण कांदिवलीची आरपार तीस फूट होती हे त्यांना पाठ होतं. त्यांचा हात साहेबांच्या कोपराकडे गेला आणि मध्येच थांबला. साहेबांना भर सभेत दुरुस्त करणं म्हणजे पुढची पाच वर्षं दारात उभं राहणं. त्यांनी हात मागे घेतला आणि टाळ्या वाजवायला सुरुवात केली. खजिनदारांनीही वाजवल्या.

मी उभ्या उभ्या हिशेब केला, सवयच तशी. आरपार अठरा म्हणजे त्रिज्या नऊ. बायकांनी भरलं होतं सोळा. त्या एका वाक्यात साहेबांनी दोन तृतीयांशांहून जास्त रांगोळी पुसून टाकली होती, मोर आणि जांभळा पट्टा धरून. आणि दुसऱ्या दिवशी स्थानिक पेपरात तेच आलं. अठरा फुटांची रांगोळी, साहेबांचा फोटो, शाल, अध्यक्षांचं अर्धं तोंड. खालीच कांदिवलीच्या तीस फुटी रांगोळीची बातमी, थोड्या मोठ्या टायपात.

अध्यक्षांनी पेपरवाल्यांना फोन करून पाहिले असं कळलं. पेपरवाले म्हणाले की साहेबच तसं बोलले आहेत, आमच्याकडे रेकॉर्डिंग आहे. मला हे सांगणाऱ्या बाईला हसू आवरत नव्हतं. मला हसूसुद्धा फार आलं नाही. एवढ्या माणसांचं एवढं काम, आणि ते मोजायला उभे कोण, तर हे दोघे.

रांगोळी तीन दिवस राहिली. लोक येऊन गेले. एक म्हातारे गृहस्थ, काठी टेकत, गोल गोल दोनदा फिरले आणि ताईला म्हणाले की मोराची मान जिवंत आहे. त्यांनी किती फूट आहे हे विचारलं नाही. मग हॉल शाळेला परत द्यायची वेळ झाली आणि खराट्याने सगळं एकत्र केलं. कमळ, वेली, मोर, जांभळा, सगळं मिसळून राखाडी-मातकट ढीग झाला, गोण्यांत परत भरला. ताई ते बघायला आली नाही. गुडघ्याच्या डॉक्टरकडे आमची अपॉइंटमेंट होती.

पुढच्या वर्षी मंडळाने तिला बोलावलं. ती जाईल असं मला वाटलं होतं, आणि जाऊ नकोस असं म्हणायचा मला अधिकार नाही हेही मला आता कळत होतं. तिने कळवलं की वर्तुळ असेल आणि पंधराचं असेल तर येते, आकडा आधी ठरेल आणि नंतर कुणी हलवणार नाही. अध्यक्षांनी वर्तुळाचा नादच सोडला. त्यांना कुणीतरी सांगितलं होतं की लांब रांगोळीचे फोटो ड्रोनवरून चांगले येतात. त्यांनी रस्त्याच्या कडेने सरळ पट्ट्याची रांगोळी ठरवली, एका सिग्नलपासून दुसऱ्या सिग्नलपर्यंत. रस्त्यावर बसणं ताईच्या गुडघ्यांना झेपणारं नव्हतं, तिने नाही म्हटलं. तिच्यामागे आणखी सहा-सात जणींनी नाही म्हटलं. याचं अध्यक्षांना काय वाटलं, मला माहीत नाही.

पण त्यांनी मला मात्र फोन केला. कॉलेजात, दोन लेक्चरांच्या मध्ये. त्यांना विचारायचं होतं की पट्टा एक फूट लांब केला तर रंग किती वाढेल. मी म्हटलं, रुंदी तीच असेल तर प्रत्येक फुटाला सारखाच. पहिल्याला जेवढा, तेवढाच शेवटच्याला. पलीकडून समाधानाचा सुस्कारा आला. म्हणाले, "बघा मॅडम. मी तेव्हा हेच सांगत होतो."

घंटा झाली होती. मी फोन ठेवला.

संध्याकाळी ताईकडे गेले. तिच्या बिल्डिंगमधल्या चारपाच बायका तिच्या हॉलमध्ये वर्तमानपत्रं पसरून बसल्या होत्या, तिने त्यांना शिकवायला सुरुवात केली होती. ती खुर्चीवर बसून सांगत होती आणि त्या खाली बसून काढत होत्या. एकीची रेघ तुटत होती. ताई तिला म्हणाली की चिमूट सैल सोड, घाई नाही. मी फोनची गोष्ट सांगितली. ताईने विचारलं, तू काय म्हणालीस? मी म्हटलं, काहीच नाही.

"बरं केलंस," ती म्हणाली आणि त्या बाईचा हात धरून रेघ कशी सोडायची ते दाखवायला लागली. मी आत जाऊन सगळ्यांसाठी चहा टाकला.